पायावरच्या केमिकल बर्नचं डायग्नोसिस कोडिंग: रसायन आधी, जखम मग

चार्टमध्ये (पेशंटच्या वैद्यकीय नोंदींत) डॉक्टरांनी ‘केमिकल बर्न, राइट फूट, सेकंड डिग्री’ एवढं लिहिलं की नव्या कोडरचा (निदानाला विम्याच्या बिलासाठी कोड देणाऱ्याचा) हात आपसूक टी२५.२२१ए कडे जातो. पाऊल बरोबर, बाजू बरोबर, डिग्रीही बरोबर, तरी कोड चूक. टी२५.० ते टी२५.३ हे गट आग, गरम वस्तू, वाफ, गरम पाणी, वीज यांनी भाजलेल्यांसाठी आहेत. आम्ल, अल्कली किंवा दुसऱ्या कुठल्या रसायनाने कातडी जळली असेल तर अमेरिकेच्या आयसीडी-१०-सीएममध्ये (तिथली निदानांच्या कोडांची यादी) त्या जखमेला ‘करोजन’ म्हणतात आणि तिचे कोड टी२५.४ ते टी२५.७ मध्ये बसतात. डॉक्टर ‘बर्न’च लिहिणार, बोलताना सगळे तेच म्हणतात. त्यातून करोजन ओळखणं हे कोडरचं काम.

हे मार्गदर्शन पुण्या-मुंबईत बसून अमेरिकन हॉस्पिटलांचे चार्ट हाताळणाऱ्या कोडरांसाठी आहे. भारतातल्या क्लेमसाठी काय बदलतं ते शेवटी थोडक्यात दिलं आहे. कोड इथे देवनागरीत लिहिले आहेत. सॉफ्टवेअरमध्ये टी, वाय, एक्स, ए ही अक्षरं अर्थातच रोमन लिपीत टाइप करायची.

कोड कसा बांधलेला आहे

टी२५ म्हणजे घोटा आणि पाऊल. पुढच्या चार जागा नीट कळल्या की निम्मं काम झालं.

चौथी जागा डिग्रीची. करोजनमध्ये ४ म्हणजे डिग्री नोंदवलेली नाही, ५ म्हणजे पहिली, ६ म्हणजे दुसरी, ७ म्हणजे तिसरी. इथे हमखास गफलत होते, कारण साध्या बर्नमध्ये १-२-३ हे आकडे थेट डिग्रीचे असतात. करोजनसाठी डिग्रीत ४ मिळवायचे, एवढं लक्षात ठेवलं तर टेबल न बघताही चूक पकडता येते.

पाचवी जागा शरीराच्या भागाची: १ घोटा, २ पाऊल, ३ पायाची बोटं (नखासकट), ९ घोटा-पावलावरच्या एकाहून जास्त जागा. टाच, तळवा, पावलाची वरची बाजू हे सगळं ‘पाऊल’ मध्ये येतं.

सहावी जागा बाजूची: १ उजवी, २ डावी, ९ नोंद नाही. दोन्ही पायांसाठी एकच कोड या गटात नाही. दोन्ही पाय भाजले असतील तर दोन कोड लावायचे.

सातवी जागा उपचाराच्या टप्प्याची: ए, डी किंवा एस. त्यावर पुढे सविस्तर येईलच, कारण ऑडिटमध्ये सर्वांत जास्त लाल शेरे तिथेच पडतात.

म्हणजे उजव्या पावलाचं दुसऱ्या डिग्रीचं करोजन, उपचार चालू असताना: टी२५.६२१ए. डाव्या घोट्याचं तिसऱ्या डिग्रीचं: टी२५.७१२ए. उजव्या पायाच्या बोटांचं पहिल्या डिग्रीचं: टी२५.५३१ए.

इंडेक्समधून (कोडबुकातल्या शब्दांच्या सूचीतून) जायचं असेल तर ‘बर्न’खालच्या केमिकल, आम्ल, अल्कली या उपनोंदी तुम्हाला ‘करोजन, जागेनुसार’ इथे पाठवतात. ‘करोजन’ उघडलं की मुख्य शब्दासमोरच टी३०.४ दिसतो. तो सापळा आहे. टी३०.४ म्हणजे शरीराचा भागही माहीत नाही आणि डिग्रीही माहीत नाही. घाईत असलेला कोडर तिथेच थांबतो. टी३० हा गट अतिशय मोघम आहे, तो क्वचितच वापरावा असं कोडिंगच्या अधिकृत गाइडलाइन्समध्येच म्हटलं आहे. चार्टमध्ये ‘फूट’ हा शब्द असताना टी३०.४ लावलेला क्लेम परत आला तर दोष पेयरचा (पैसे देणाऱ्या विमा कंपनीचा) नाही. खाली उतरून ‘फूट’ या उपनोंदीपर्यंत जायचं आणि मग टॅब्युलर लिस्ट (कोडांच्या क्रमाने लावलेली सविस्तर यादी) उघडायचीच. इंडेक्सवरून थेट कोड टाकायचा नाही.

टॅब्युलर लिस्टमधली ती सूचना

टी२५.४ ते टी२५.७ या प्रत्येक गटाखाली एक ‘कोड फर्स्ट’ सूचना आहे: रसायन आणि हेतू दाखवणारा टी५१ ते टी६५ मधला कोड आधी द्या. त्याच्याखाली, घटना कुठे घडली ते दाखवण्यासाठी, वाय९२ जोडायला सांगितलं आहे. साध्या बर्नच्या गटांखाली अशी ‘कोड फर्स्ट’ सूचना नाही. तिथे उष्णतेचा स्रोत, घटनेची जागा आणि हेतू यांचे एक्सटर्नल कॉज (बाह्य कारणाचे) कोड मागाहून येतात. बर्नची सवय असलेला कोडर करोजनलाही तसंच वागवतो. पावलाची जखम पहिल्या नंबरवर टाकतो, रसायनाचा कोड खाली कुठेतरी ठेवतो किंवा विसरतोच. क्लेम एडिटमध्ये (बिलाच्या आपोआप होणाऱ्या तपासणीत) अडकण्याचं हे नंबर एकचं कारण.

क्रम असा: आधी रसायन, मग जखम, मग इतर सगळं.

भरती झालेल्या पेशंटच्या बाबतीत या क्रमाचा परिणाम थेट पैशांवर होतो. टी५४ मधला (दाहक रसायनाचा) कोड प्रिन्सिपल डायग्नोसिस म्हणजे मुख्य निदान झाला की केस बर्नच्या डीआरजीत (ज्यावरून हॉस्पिटलला मिळणारी रक्कम ठरते त्या गटात) न जाता विषबाधा आणि टॉक्सिक इफेक्टच्या ९१७-९१८ या डीआरजीत जाते. म्हणून कधीकधी हॉस्पिटलकडून ‘जखम आधी टाका ना’ असा आग्रह होतो. सूचना छापील आहे आणि बंधनकारक आहे. डीआरजी आवडला नाही म्हणून क्रम बदलणं म्हणजे ऑडिटरला आपणहून घरी बोलावणं.

रसायनाचा कोड

पावलावर सांडणारी बहुतेक रसायनं टी५४ मध्ये सापडतात:

टी५४.०एक्स – फिनॉल आणि त्याच्या जातीची संयुगं
टी५४.१एक्स – इतर दाहक सेंद्रिय संयुगं
टी५४.२एक्स – आम्लं आणि आम्लासारखे पदार्थ (सल्फ्युरिक, हायड्रोक्लोरिक वगैरे)
टी५४.३एक्स – अल्कली (कॉस्टिक सोडा, कॉस्टिक पोटॅश, चुना)
टी५४.९ – दाहक पदार्थ, पण कोणता ते नोंदवलेलं नाही

पहिल्या चार गटांत एक्स जागा धरून ठेवतो. तो गाळून टी५४.२१ए असं लिहिलं तर कोडच अवैध होतो. बरोबर कोड टी५४.२एक्स१ए. एक्सनंतरचा आकडा हेतूचा: १ अपघात, २ स्वतः करून घेतलेली इजा, ३ हल्ला, ४ ठरवता आलेलं नाही. (टी५४.९ मध्ये एक्स नाही, तिथे हेतूचा आकडा थेट पाचव्या जागी येतो आणि मग सातव्या जागेपर्यंत पोचायला एक्स लागतो: टी५४.९१एक्सए.) हेतूबद्दल चार्टमध्ये काहीच नसेल तर ‘अपघात’ धरायचं. ४ हा आकडा ‘मला माहीत नाही’ साठी नाही. हेतू ठरवता येत नाही असं डॉक्टरांनी स्वतः लिहिलेलं असेल तरच तो वापरायचा.

पदार्थाचं नाव ‘टेबल ऑफ ड्रग्ज अँड केमिकल्स’ मध्ये शोधायचं. शाळेतल्या रसायनशास्त्रावर भरवसा ठेवू नका. ओला सिमेंट अल्कधर्मी असतो, त्याचा पीएच १२ च्या वर जातो, हे खरं. पण चार्टमध्ये फक्त ‘सिमेंट’ असेल तर टेबलातली ‘सिमेंट’ ही नोंद उघडून तिथे दिलेला कोड घ्यायचा. ‘अल्कली बर्न’ किंवा ‘चुन्यामुळे’ असं डॉक्टरांनी लिहिलं असेल तरच टी५४.३एक्स. ब्लीच, ड्रेन क्लीनर, गंज काढायचं द्रावण यांचंही तसंच. एकाच नावाच्या घरगुती बाटलीत आम्लही असू शकतं आणि अल्कलीही. ब्रँडचं नाव असेल पण घटक नसेल तर इमर्जन्सी रूमच्या नर्सिंग नोट्स, विषबाधा केंद्राशी झालेल्या बोलण्याची नोंद, कंपनीने सोबत पाठवलेलं सेफ्टी डेटा शीट हे आधी चाळा. उत्तर बहुतेक वेळा तिथे असतं. ते सापडल्यावरही डॉक्टरांच्या नोटमध्ये त्याला दुजोरा हवा. नसेल तर क्वेरी, म्हणजे डॉक्टरांना लेखी प्रश्न.

रसायनाच्या कोडलाही सातवं अक्षर असतं आणि ते जखमेच्या कोडशी जुळलं पाहिजे. जखम डी आणि रसायन ए अशी जोडी दिसली की समजा, जुन्या व्हिजिटवरून कॉपी-पेस्ट झालं आहे.

एक चार्ट उलगडून पाहू

बॅटरी बनवणाऱ्या कारखान्यातला कामगार. ड्रम हलवताना सल्फ्युरिक ॲसिड बुटात शिरलं. इमर्जन्सी रूममधली डॉक्टरांची नोट: उजव्या पावलाच्या वरच्या भागावर पार्शल थिकनेस केमिकल बर्न, फोड आलेले, उजव्या पायाच्या दुसऱ्या आणि तिसऱ्या बोटावर फुल थिकनेस, नडगीच्या खालच्या भागावर फर्स्ट डिग्री, नुसती लाली. एकूण क्षेत्र अंदाजे ३ टक्के.

१. टी५४.२एक्स१ए – आम्ल, अपघात
२. टी२५.७३१ए – उजव्या पायाची बोटं, तिसरी डिग्री
३. टी२५.६२१ए – उजवं पाऊल, दुसरी डिग्री
४. टी२४.५३१ए – उजवा पाय, गुडघ्याखालचा भाग, पहिली डिग्री
५. टी३२.० – करोजन, शरीराच्या १० टक्क्यांहून कमी
६. वाय९२.६३ – कारखाना
७. वाय९९.० – पगारी काम करताना

रसायनानंतर जखमांमध्ये सर्वांत खोल जखम वर येते, मग ती आकाराने कितीही लहान असो. पाऊल आणि बोटं यांना पाचव्या जागी वेगळे आकडे आहेत, म्हणून दोन कोड. दोन बोटं भाजली तरी बोटांचा कोड एकदाच. नडगी टी२५ मध्ये येत नाही, ती टी२४ ची. घोट्याच्या वर गेलेलं करोजन टी२५ मध्ये कोंबणं ही नेहमीची चूक.

आता समजा याच पावलाच्या वरच्या भागावर एका ठिकाणी फुल थिकनेस आणि शेजारी पार्शल थिकनेस असतं, तर? जागा एक, बाजू एक, डिग्र्या दोन. अशा वेळी सर्वांत वरची डिग्री एवढाच कोड: टी२५.७२१ए. त्याच पावलासाठी टी२५.६२१ए सोबत जोडायचा नाही.

टी२५.६९१ सारखा ‘मल्टिपल साइट्स’चा कोड या केसमध्ये मोहात पाडतो, एका कोडमध्ये काम भागतं. पण कोणकोणत्या जागा भाजल्या हे चार्ट सांगत नसेल तेव्हाच तो वापरायचा असतो. जागा लिहिलेल्या आहेत, तेव्हा प्रत्येक जागेचा स्वतंत्र कोड.

डिग्री कोण ठरवणार

डॉक्टर. पार्शल थिकनेस म्हणजे दुसरी आणि फुल थिकनेस म्हणजे तिसरी, एवढं रूपांतर कोडरने करायला हरकत नाही. गाइडलाइन्समध्ये लाली, फोड, पूर्ण जाडीची इजा अशी ओळख डिग्रीसमोर दिलेली आहे, पण नर्सच्या नोटमधल्या ‘ब्लिस्टर’ शब्दावरून दुसरी डिग्री ठोकून देणं चालत नाही. ‘फोर्थ डिग्री’ असं लिहिलेलं सापडलं, म्हणजे स्नायू किंवा हाडापर्यंत इजा, तर आयसीडी-१०-सीएममध्ये चौथा गट नाही. ते तिसऱ्यातच जातं.

केमिकलच्या जखमेत एक गोष्ट बर्नपेक्षा वेगळी वागते. अल्कली ऊतींमधली चरबी आणि प्रथिनं विरघळवत आत जात राहते, त्यामुळे पहिल्या दिवशी वरवरची वाटलेली जखम दोन-तीन दिवसांत खोल निघते. सिमेंटमध्ये तर दुखणं सुरू व्हायलाच काही तास लागतात, तोवर कामगाराने बूट काढलेलेही नसतात. म्हणून इमर्जन्सी रूमच्या नोटमध्ये सेकंड डिग्री आणि डिस्चार्ज समरीमध्ये फुल थिकनेस असं दिसलं तर गोंधळून जाऊ नका. भरतीच्या एका मुक्कामासाठी नोंदवलेली सर्वांत वरची डिग्री घ्यायची. बाहेरून येणाऱ्या पेशंटच्या प्रत्येक व्हिजिटला मात्र त्या दिवशीची नोंद पाहायची. अटेंडिंग डॉक्टर (पेशंटची मुख्य जबाबदारी असलेले) आणि बर्न सर्जन यांची मतं परस्परविरोधी असतील तर अटेंडिंगला क्वेरी.

बाजूच्या बाबतीत सवलत आहे. डॉक्टरांनी ‘फूट’ एवढंच लिहिलं आणि नर्सने किंवा थेरपिस्टने ‘लेफ्ट फूट’ नोंदवलं असेल तर बाजू त्यांच्या नोंदीवरून घेता येते. त्यामुळे टी२५.६२९ए सारखा ‘बाजू माहीत नाही’ कोड शेवटपर्यंत राहायला खरं तर कारण उरत नाही. पाय दोनच आहेत, आणि बरेच पेयर हा कोड पाहूनच क्लेम परत धाडतात.

क्वेरी लिहिताना उत्तर सुचवायचं नाही. ‘सेकंड डिग्री म्हणायचं आहे ना?’ हे चालणार नाही. असं लिहा: ‘तुमच्या नोटमध्ये डाव्या पावलाची केमिकल इजा, सोबत फोड आणि ओलसर लाल पृष्ठभाग असं वर्णन आहे. खोली नोंदवलेली नाही. तुमच्या वैद्यकीय मतानुसार खोली नोंदवावी: पहिली डिग्री / दुसरी डिग्री / तिसरी डिग्री / इतर / ठरवता येत नाही.’ पुराव्याची ओळ तारखेसकट, पर्याय सगळे, आणि पैशांचा उल्लेख कुठेही नाही.

ए, डी, एस

‘ए’ म्हणजे पहिली भेट असा समज इतका पक्का बसलेला आहे की तो मोडायला वेळ लागतो. ए म्हणजे सक्रिय उपचार चालू. जखम झाल्याच्या तीन आठवड्यांनी पेशंट बर्न सेंटरला नव्याने आला आणि त्याचं डिब्राइडमेंट (मेलेली कातडी काढणं) किंवा स्किन ग्राफ्ट (त्वचारोपण) झालं, तरी ए. नवीन डॉक्टर, नवीन हॉस्पिटल, जुनी जखम. पण उपचार सक्रिय आहे.

डी म्हणजे जखम भरत असताना नेहमीची देखभाल: ड्रेसिंग बदलणं, जखम कशी भरते आहे ते पाहणं, औषधात थोडा फेरफार.

भरत नसलेली जखम मात्र पुन्हा ताज्या जखमेसारखीच कोड होते. भाजलेल्या कातडीचं नेक्रोसिसही (ती मरणं) न भरलेली जखम म्हणूनच धरायचं. पावलाच्या बाबतीत हे महत्त्वाचं, कारण डायबेटिक पेशंटची अशी न भरलेली जखम कोडर सरळ ई११.६२१ आणि एल९७ म्हणजे डायबेटिक फूट अल्सर करून टाकतात. डॉक्टरांनी ‘अल्सर’ असं निदान लिहिलेलं नसेल तर तसं करू नका. केमिकलने झालेली आणि न भरलेली जखम म्हणजे अजूनही टी२५.

एस म्हणजे मागे राहिलेला परिणाम. इथे क्रम उलटा होतो: आज पेशंट ज्या त्रासासाठी आला तो आधी, मूळ जखमेचा एस कोड मग. उजव्या पावलावर जाड व्रण राहिला असेल तर एल९१.० आधी, मग टी२५.७२१एस आणि टी५४.३एक्स१एस. सांधा आखडला असेल तर उजव्या पावलासाठी एम२४.५७४, डाव्यासाठी एम२४.५७५. साधा व्रण आणि फायब्रोसिस असेल तर एल९०.५. एका पायाची जखम अजून भरतेय आणि दुसऱ्या पायाला आखडलेपणा आलाय, अशा पेशंटला एकाच व्हिजिटमध्ये डी आणि एस दोन्ही लागू शकतात. सगळ्या जखमा एका वेगाने भरत नाहीत, म्हणून याला मुभा आहे.

टक्केवारी

टी३२ मध्ये करोजनने व्यापलेलं शरीराचं क्षेत्र येतं. रूल ऑफ नाइन्सनुसार (शरीराचे नऊ-नऊ टक्क्यांचे भाग धरून क्षेत्राचा अंदाज काढायची पद्धत) एक आख्खा पाय १८ टक्के. लंड-ब्राउडर तक्त्यात एक पाऊल, वरची-खालची बाजू मिळून, ३.५ टक्के. म्हणजे दोन्ही पावलं पूर्ण जळली तरी ७ टक्के, टी३२.० च्या आतच. फक्त पावलाची केस असताना कुणी टी३२.१० लावलेला दिसला तर काहीतरी गडबड आहे, बहुधा नडगी-मांडीची जखम कोड करायची राहून गेली आहे किंवा आकडा चुकीचा वाचला आहे.

टी३२ ला सातवं अक्षर नाही. टक्केवारी डॉक्टरांच्या नोंदीतून घ्यायची, आकृतीवर रंगवलेलं क्षेत्र मोजून कोडरने काढायची नाही. बर्न युनिटच्या आकडेवारीसाठी हा कोड हवा असतो. छोट्या क्लिनिकच्या एका बोटाच्या जखमेसाठी तो नाही लावला तर आभाळ कोसळत नाही.

सोबतचे कोड

जखमेत संसर्ग झाला असेल तर तो वेगळा कोड करायचा: सेल्युलायटिस (कातडी आणि तिच्याखालच्या ऊतींचा संसर्ग) उजव्या पायाला एल०३.११५, डाव्याला एल०३.११६, उजव्या बोटाला एल०३.०३१, कल्चरमध्ये जंतू मिळाला आणि डॉक्टरांनी तो जखमेशी जोडला तर एमआरएसएसाठी (नेहमीच्या प्रतिजैविकांना न जुमानणारा जंतू) बी९५.६२, स्यूडोमोनाससाठी बी९६.५. धनुर्वाताची लस दिली तर झेड२३.

हायड्रोफ्लुओरिक ॲसिडची केस आली तर नोट दोनदा वाचा. काच कोरताना, सेमीकंडक्टरच्या कारखान्यात, काही गंज काढणाऱ्या द्रावणांत ते असतं. कातडीवर फारसं काही दिसत नाही पण वेदना असह्य, आणि उपचारात कॅल्शियम ग्लुकोनेट जेल किंवा इंजेक्शन. द्रवाने झालेली इजा टी५४.२एक्समध्येच जाते, वाफेची नोंद टेबलात वेगळी आहे. मुख्य म्हणजे फ्लुओराइड रक्तातलं कॅल्शियम ओढून घेतं, म्हणून डॉक्टरांनी हायपोकॅल्सीमिया नोंदवला असेल तर ई८३.५१, मॅग्नेशियम कमी झालं असेल तर ई८३.४२. जखम बोटाएवढी आणि मुक्काम आयसीयूत, हे पेयरला पटायचं तर हे कोड क्लेमवर असलेच पाहिजेत. नुसत्या लॅब रिपोर्टवरून मात्र ते लावायचे नाहीत.

डायबेटिक न्यूरोपॅथीमुळे (मधुमेहाने नसांना झालेल्या इजेमुळे) पेशंटला ॲसिड लागल्याचं कळलंच नाही, अशी नोंद असते. टाइप २ मध्ये नुसतं ‘न्यूरोपॅथी’ असेल तर ई११.४०, ‘पॉलिन्यूरोपॅथी’ असेल तर ई११.४२. इन्सुलिन कायम चालू असेल तर झेड७९.४.

कॉर्न कॅपची गोष्ट वेगळी

पायाला कुरूप झालं म्हणून दुकानातून आणलेली सॅलिसिलिक ॲसिडची पट्टी लावली आणि कातडी जळली, अशा केसेस पायांच्या डॉक्टरांकडे नेहमी येतात. हे रसायन असलं तरी टेबलात ते औषध आहे: केराटोलिटिक (जाड कातडी सोलवणारं), टी४९.४एक्स. टी५१ ते टी६५ मध्ये ते शोधत बसू नका.

सूचनेप्रमाणे लावूनही इजा झाली असेल तर तो ॲडव्हर्स इफेक्ट (औषधाचा दुष्परिणाम): इजा आधी, टी४९.४एक्स५ए मग. दोन दिवस ठेवायची पट्टी आठवडाभर ठेवली किंवा भलतीकडेच लावली, तर चुकीचा वापर म्हणून ती विषबाधा: टी४९.४एक्स१ए आधी, इजा मग. कसं वापरलं हे चार्टमध्ये नसेल तर क्रमच ठरत नाही, क्वेरी करावीच लागते. आणि डॉक्टरांनी ‘इरिटंट डर्मटायटिस’ लिहिलं असेल, ‘केमिकल बर्न’ नाही, तर इजेचा कोड टी२५ नसून एल२४.४. कारखान्यातल्या रसायनाने नुसती लाली-खाज आली आणि निदान डर्मटायटिस असेल तेव्हाही टी२५ कडे जायचं नाही, एल२४ चा योग्य उपगट पाहायचा.

जागा, काम आणि प्रोसीजर

रसायनाच्या कोडमध्येच कारण आणि हेतू आलेला असतो, म्हणून एक्स गटातला आग-उष्णतेचा कोड जोडायचा नाही. जागा (वाय९२), त्या वेळचं काम (वाय९३) आणि नोकरीची स्थिती (वाय९९) हे कोड फक्त सुरुवातीच्या भेटीला, एकदाच. बांधकाम चालू असलेली इमारत वाय९२.६१, बांधकामाचं काम वाय९३.एच३, घरात फरशी पुसताना वाय९३.ई५. जागा लिहिलेलीच नसेल तर वाय९२.९ भरून काही मिळत नाही, सोडून द्या. देशभर हे कोड सक्तीचे नाहीत, राज्य किंवा पेयर मागत असेल तर द्यावे लागतात. पण कामावरच्या अपघाताच्या क्लेममध्ये वाय९९.० नसेल तर नेमकं तेवढ्यासाठी फोन येतो.

डायग्नोसिस आणि प्रोसीजर जुळतात का तेही पाठवण्याआधी पाहा. १६००० हा सीपीटी (अमेरिकेतल्या प्रोसीजरच्या यादीतला) कोड पहिल्या डिग्रीच्या साध्या स्थानिक उपचाराचा. १६०२० पार्शल थिकनेस जखमेच्या ड्रेसिंग किंवा डिब्राइडमेंटचा, ५ टक्क्यांहून कमी क्षेत्रासाठी. एका पावलाची केस इथेच येते. टी२५.५२१ए सोबत १६०२० गेला की डिनायल (क्लेम नाकारला जाणं) ठरलेलं, आणि अपील करूनही हाती काही लागत नाही, कारण चार्टच तसं सांगत नसतो.

नवे कोड दरवर्षी १ ऑक्टोबरला लागू होतात. भरती पेशंटसाठी डिस्चार्जची तारीख पाहायची, बाहेरच्या पेशंटसाठी सेवेची. ३० सप्टेंबरच्या आसपासच्या चार्टमध्ये हे विसरलं की कोड बरोबर असून क्लेम अवैध होतो.

भारतातल्या क्लेमसाठी

इथल्या हॉस्पिटलांत कॅशलेसच्या फॉर्मवर आयसीडी-१० कोड मागतात तो जागतिक आरोग्य संघटनेच्या आवृत्तीतला. तिथे टी२५ ची रचना चौथ्या जागेपर्यंत हीच आहे, पण पुढे बाजू, बोटं, उपचाराचा टप्पा काहीच नाही. पावलाचं दुसऱ्या डिग्रीचं करोजन म्हणजे टी२५.६, उजवं असो की डावं. बाजू डॉक्टरांच्या मजकुरात शब्दांत लिहून घ्या, नाहीतर टीपीए (विमा कंपनीतर्फे क्लेम हाताळणारी संस्था) तेवढ्यासाठी फाइल अडकवते. अपघाताने ॲसिड किंवा कॉस्टिक सांडलं असेल तर बाह्य कारण एक्स४९. कुणी ॲसिड फेकलं असेल तर एक्स८६. अमेरिकन कोडचा सात अक्षरी आकडा या फॉर्मवर उतरवला तर पोर्टल तो घेत नाही, आणि घेतलाच तरी पुढे तपासणीत तो अडतो.